शत्रूच्या काव्यातले आपण

मध्ययुगीन युरोपच्या वीरकथांवरील अभ्यासग्रंथ आपल्या मराठी वाचकांच्या हाती क्वचितच पडतात. इंग्रजी घेऊन पदवी मिळवलेल्यांना आर्थर राजा, त्याचे गोलमेज आणि ग्रेलचे पवित्र पात्र एवढे ठाऊक असते. परंतु या कथा ज्या फ्रेंच आणि जर्मन काव्यांतून आल्या त्यांत मुसलमान कुठे आणि कसा येतो, आणि गेली जवळजवळ दोनशे वर्षे या काव्यांवर लिहिणाऱ्या पंडितांनी त्याचे काय केले, हा विषय आपल्याकडे फारसा चर्चिला गेलेला नाही. तो चर्चिला जावा असे आम्हाला वाटते. ज्या साहित्यात आपण शत्रूच्या जागी उभे आहोत ते साहित्य वाचायचे कसे, हा प्रश्न मराठी मुसलमान वाचकाला नवा नाही. शाळकरी वयात ऐतिहासिक कादंबऱ्यांचे वेड लागलेल्या आपल्यापैकी अनेकांनी तो मनाशी घोळवला आहे. नायक आवडतो, भाषा आपलीच असते, आणि पानापानावर कापला जाणारा मात्र आपल्या नावाचा असतो.

ज्यांना 'रोमान्स' म्हणतात त्या दीर्घ पद्यकथा बाराव्या शतकाच्या उत्तरार्धात फ्रान्समध्ये क्रेतियँ द त्रुआ या कवीने घडवल्या. पुढच्या ५० वर्षांच्या आत हार्टमान फॉन आउअ, गोटफ्रीड फॉन श्ट्रासबुर्ग आणि वोल्फ्राम फॉन एशेनबाख या कवींनी त्या जर्मन भाषेत नेल्या. नायक 'नाइट', म्हणजे घोडा आणि हत्यारे बाळगणारा घरंदाज योद्धा. आपला 'शिलेदार' हा शब्द त्याला बराच जवळचा आहे. साहस, एका स्त्रीची चाकरी आणि दरबारी अदब यांवर ही कथा चालते. त्याआधीचा प्रकार रणगीतांचा. त्यांत स्त्रीला काम कमी आणि धर्मयुद्धाला जास्त.

रणगीतांत सर्वांत नावाजलेले 'रोलांचे गीत', सुमारे ४००० ओळींचे. इतिहास असा की इ. स. ७७८ मध्ये शार्लमेन स्पेनमधून परतत असताना पिरेनीज पर्वतात बास्क लोकांनी त्याच्या पिछाडीवर छापा घातला आणि रोलां तिथे पडला. शार्लमेन स्पेनमध्ये उतरला तोच मुळी कॉर्डोव्याच्या अमीर अब्दुर्रहमानविरुद्ध उठलेल्या मुसलमान सरदारांच्या बोलावण्यावरून! तीन शतकांनी गीत आजच्या रूपात आले तेव्हा बास्क नाहीसे झाले आणि त्यांच्या जागी मुसलमानांची अफाट फौज आली. ही फौज मूर्ती पुजते. त्या मूर्तींत अपोलिन आणि तेर्वागान यांच्या जोडीला खुद्द पैगंबरांचे नाव घातलेले आहे. ज्या धर्माचा पहिला धडाच मूर्तिपूजेला नकार देण्याचा, त्याला मूर्तिपूजक ठरवण्याची ही करामत.

ती अज्ञानातून झाली की जाणूनबुजून? नॉर्मन डॅनियल यांनी १९८४ च्या 'हीरोज अँड सॅरसन्स' या पुस्तकात असे मांडले की हे देव म्हणजे गायकांचा करमणुकीचा संकेत होता. तो धर्मशास्त्र म्हणून कुणी घेत नव्हते. जॉन टोलन यांनी २००२ च्या 'सॅरसन्स' मध्ये दुसरी बाजू दाखवली. क्रुसेडच्या पहिल्या इतिहासकारांनी हीच मूर्तिपूजेची कल्पना जेरुसलेमवरच्या स्वारीच्या समर्थनासाठी वापरली. आम्हाला टोलन यांचे म्हणणे अधिक पटते. करमणुकीचा संकेत करमणुकीपुरताच राहतो असा अनुभव आपल्या गावच्या तमाशा-नाटकांनीही दिलेला नाही.

या गीताचा पंडितांनी काय उपयोग केला तेही पाहण्यासारखे आहे. ऑक्सफर्डच्या ग्रंथालयातले हस्तलिखित १८३७ मध्ये छापून निघाले. डिसेंबर १८७० मध्ये, प्रशियाच्या सैन्याने पॅरिसला वेढा घातलेला असताना, गास्तों पारी यांनी रोलांचे गीत आणि फ्रेंच राष्ट्रीयत्व या विषयावर व्याख्यान दिले. शहर उपाशी होते, दाराशी जर्मन उभे होते, आणि प्राध्यापक सांगत होते की राष्ट्र म्हणजे काय ते या काव्यात शोधा. आम्हाला त्या व्याख्यानाचे मोठेपण कळते. पण असे की, राष्ट्राची ही कुलकथा ठरल्यावर गीतातला शत्रू कोण होता हा प्रश्न मागे पडला. पलीकडे जर्मनीत कार्ल लाखमान यांनी १८३३ मध्येच वोल्फ्रामच्या काव्यांची संपादित प्रत काढली होती. त्यांनी पाडलेले ओळींचे क्रमांक आजही सर्व अभ्यासक वापरतात. दोन्ही देशांत मध्ययुगीन काव्याचा अभ्यास उभा राहिला तो आपण कोण हे ठरवण्याच्या निकडीतून. अशा घरझाडणीत परक्याचे सामान आधी बाहेर जाते.

क्रेतियँच्या रोमान्समध्ये मुसलमान जवळपास नाहीच. हे नवलाचे, कारण त्याची शेवटची, अपुरी राहिलेली 'पर्सवाल' ही कथा ज्या फ्लँडर्सच्या काउंट फिलिपसाठी रचली गेली तो ११९१ मध्ये अक्काच्या वेढ्यात, म्हणजे सलाहुद्दीनच्या काळातल्या क्रुसेडमध्ये मेला. आश्रयदाता पॅलेस्टाइनला लढतो आणि कवीचे शिलेदार मात्र ब्रिटनच्या जंगलातल्या जादूच्या झऱ्याकाठी साहसे शोधतात. एकदाच पडदा हलतो. 'इव्हें' या कथेत तोंडाळ सरदार के नायकाला टोमणा मारतो, त्याचा आशय असा की जेवण झाल्यावर बसल्या जागेवरून जो तो नूरुद्दीनला ठार करायला निघतो. हलब आणि दमास्कसचा सुलतान नूरुद्दीन ११७४ मध्ये वारला. म्हणजे फ्रान्सच्या दरबारी पंगतीत त्याच्या नावाने बढाया मारल्या जात असाव्यात, आणि कवीला त्यांचे हसू येत असावे. हा एक टोमणा आम्हाला कित्येक प्रबंधांहून बोलका वाटतो.

याच 'इव्हें' कथेवर एरिख आउअरबाख यांनी 'मिमेसिस' या ग्रंथात एक गाजलेले प्रकरण लिहिले आहे. त्यांचे म्हणणे असे, की या कथेतला शिलेदार कोणत्याही राजकीय किंवा व्यावहारिक कामासाठी निघत नाही. स्वतःचा वर्ग कसा थोर आहे ते सिद्ध करण्यासाठी तो भटकतो, आणि वास्तव जग या कथेतून गाळले गेलेले असते. हे लिहिले गेले कुठे? इस्तंबूलमध्ये. आउअरबाख ज्यू होते, १९३५ मध्ये नाझी राजवटीने त्यांना मारबुर्गच्या विद्यापीठातून काढले, पुढच्या वर्षी इस्तंबूल विद्यापीठाने त्यांना प्राध्यापकपद दिले आणि १९४२ ते १९४५ या काळात तिथेच हा ग्रंथ झाला. युरोपच्या साहित्याचा एवढा मोठा आढावा एका मुसलमानी शहरात बसून लिहिला गेला, आणि त्यात तुर्की, अरबी, फारसी साहित्याला जागा मिळाली नाही. एडवर्ड सैद यांना हा ग्रंथ अत्यंत प्रिय होता आणि २००३ च्या आवृत्तीला त्यांनी प्रस्तावनाही लिहिली, म्हणून आम्ही तक्रार जपून करतो. पण गाळलेल्या वास्तवाबद्दल लिहिणाऱ्याने नूरुद्दीनवर थोडे अधिक थांबायला हवे होते.

आता वोल्फ्रामकडे वळू. त्याचे 'पार्त्सिफाल' १२०० ते १२१० च्या सुमारास रचले गेले, २४,००० हून अधिक ओळींचे. क्रेतियँच्या अपुऱ्या कथेला त्याने आरंभ आणि शेवट दिला, आणि दोन्हीकडे पूर्वेचे जग आणून बसवले. नायकाचा बाप गाहमुरेत बगदादच्या 'बारूक'ची, म्हणजे खलिफाची नोकरी धरतो. झाझामांक देशाची काळी राणी बेलाकाने हिच्याशी लग्न करतो, आणि ती गरोदर असताना चोरून निघून जातो. मागे चिठ्ठी ठेवतो की तू बाप्तिस्मा घेतलास तर मी अजून तुझा होऊ शकेन. ती आनंदाने घेतला असता म्हणते, पण पाखरू उडालेले असते. गंमत अशी की कवीने आधीच सांगून ठेवले आहे की हिच्या आसवांचा आणि शीलाचा बाप्तिस्मा हिला झालेलाच होता. म्हणजे धर्म ही गाहमुरेतची सबब आहे हे कवी जाणतो. गाहमुरेत पुढे पूर्वेच्या लढाईत मरतो, तेव्हा खलिफा बगदादमध्ये त्याची मौल्यवान कबर उभारतो आणि तिच्यावर पाचूचा क्रूस बसतो.

बेलाकानेचा मुलगा फाइरेफिझ. काळ्यापांढऱ्या ठिपक्यांचा, कवी म्हणतो तसा मॅगपाय पाखरासारखा. काव्याच्या अखेरीस तो आणि पार्त्सिफाल एकमेकांना न ओळखता लढतात. पार्त्सिफालची तलवार मोडते, तेव्हा निःशस्त्राला मारणे कमीपणाचे म्हणून फाइरेफिझ आपलीही तलवार फेकून देतो, आणि मग दोघांना कळते की आपण एका बापाचे आहोत. साऱ्या काव्यातले सर्वांत उमदे कृत्य या 'काफरा'चे आहे.

हे वाचून आपल्यातल्या काहींना फाइरेफिझ आपला वाटू लागतो. तेव्हा स्पष्ट सांगायला हवे की फाइरेफिझ मुसलमान नाही. तो ज्युपिटर आणि जुनो यांच्या शपथा घेतो. वोल्फ्रामच्या लेखी बाप्तिस्मा न झालेला प्रत्येक माणूस 'हाइडन', आणि त्या एका पोत्यात रोमन, अरब, हिंदी सगळे भरलेले. शिवाय या उमद्या माणसाला ग्रेल दिसत नाही. ग्रेल वाहून आणणारी सुंदरी मात्र दिसते. तिच्यासाठी तो बाप्तिस्मा घेतो, आणि तो घेताना विचारतो की हा लढून मिळवायचा असतो का. दरबार हसत असणार. पुढे तो तिला घेऊन चक्क हिंदुस्थानात जातो आणि त्यांचा मुलगा 'प्रेस्टर जॉन' म्हणून तिथे राज्य करतो. वोल्फ्राम परक्याला रूप देतो, संपत्ती देतो, शौर्य देतो, भाऊपण देतो. तो आहे तसा राहण्याची मुभा तेवढी देत नाही.

तरीही वोल्फ्रामच्या पुढच्यांनी याहून कमी दिले. रिचर्ड वागनर यांनी १८८२ मध्ये याच काव्यावरून 'पार्सिफाल' हे संगीतनाट्य रचले, त्यात बेलाकाने नाही आणि फाइरेफिझही नाही. उलट खलनायक क्लिंगझोर याचा किल्ला डोंगराच्या दक्षिण उतारावर, अरबी स्पेनच्या दिशेने तोंड करून बांधला. वोल्फ्रामचा क्लिनशोर इटलीतल्या नेपल्सच्या बाजूचा ख्रिस्ती सरदार होता. १२१० च्या कवीने भावाला पूर्वेकडून आणले, १८८२ च्या कलावंताने सैतानाला. मधल्या काळाला प्रगतीचा काळ म्हणण्याची पद्धत आहे.

विसाव्या शतकात वारे फिरले. आता पंडित या काव्यांत अरबी धागे शोधू लागले, आणि काही धागे पक्के निघाले. 'पार्त्सिफाल'मध्ये कुंद्री ही विद्वान, कुरूप दूती सात ग्रहांची नावे उच्चारते. झ्वाल, आल्मुस्त्री, आल्मारेत, साम्सी, आल्लिगाफिर, आल्कितेर, आल्कामेर. उर्दू-फारसीची जुजबी ओळख असलेल्या आपल्या कोणत्याही वाचकाला जुहल, मुश्तरी, मिर्रीख, शम्स आणि कमर लगेच ओळखू येतील. आल्कितेर म्हणजे अल-कातिब, लेखनिक, बुधाचे एक नाव. पाचवे नाव तेवढे अडते. अरबी ज्योतिषशास्त्राचे जाणकार पाउल कुनित्श यांनी या नावांचा कसून तपास केला. मला अक्षर येत नाही असे सांगणाऱ्या कवीच्या तोंडी ही नावे आली कशी? वोल्फ्राम स्वतः सांगतो की मूळ कथा क्योत नावाच्या माणसाला तोलेदोमध्ये काफरांच्या लिपीत सापडली, आणि ती फ्लेगेतानिस या नक्षत्रवेत्त्याने लिहिली होती. फ्लेगेतानिस म्हणजे 'फलक सानी', दुसरे आकाश, अशी व्युत्पत्ती काहींनी लावली. क्योत खरा की कवीची थाप, यावर ग्रंथांच्या राशी पडल्या आहेत. थाप आहे असेच बहुतेकांचे मत, आणि ते आम्हालाही पटते. पण थाप मारतानाही विश्वास बसावा म्हणून कवीला तोलेदो आणि अरबी लिपी यांचाच आधार घ्यावा लागला, ही गोष्ट थाप नव्हे.

या शोधात एक नाव आपल्या जवळचे आहे. बडोद्याच्या संग्रहालयाचे संचालक म्हणून गायकवाडी मुलखात काम केलेले कलेतिहासकार हेर्मान गोएट्झ यांनी १९६७ मध्ये 'पार्त्सिफाल'मधल्या क्रुसेडकालीन पूर्वेवर एक विस्तृत जर्मन लेख लिहिला. मोगल आणि राजपूत चित्रांत आयुष्य घालवलेल्या माणसाला आपल्या मातृभाषेच्या काव्यात पूर्व दिसावी, हे साहजिक. त्यांच्या जुळवाजुळवी सगळ्यांनी मान्य केल्या असे नाही.

आणि इथेच आम्हाला आपल्या माणसांशी दोन शब्द बोलायचे आहेत. युरोपातल्या प्रेमकाव्याचा उगम अंदलुसमधला आहे, हे मत हुलियान रिबेरा यांनी विसाव्या शतकाच्या आरंभी जोरात मांडले. 'त्रुबादूर' हा शब्दच अरबी 'तरब'वरून आला, असे त्यांचे म्हणणे. मारिया रोसा मेनोकाल यांनी १९८७ च्या पुस्तकात त्याहून मोलाचा प्रश्न विचारला, की हे मत खरे-खोटे ठरवण्याआधीच पंडितांना ते हास्यास्पद का वाटते? लॅटिनमधून आलेला शब्द विनापुरावा चालतो, आणि अरबीतून आलेल्याला दहा साक्षीदार लागतात. त्यांचे हे बोट अगदी दुखऱ्या जागी पडले. पण आपल्या ईद-मिलादच्या सभांतून आणि काही मासिकांतून या साऱ्याचे जे होते ते वेगळे. युरोपचे सगळे आमच्याकडून गेले, असे एका वाक्यात उरकले जाते. 'त्रिस्तान'ची कथा घ्या. फखरुद्दीन गुरगानी यांच्या अकराव्या शतकातल्या 'वीस ओ रामीन' या फारसी मसनवीशी तिचे साम्य थक्क करणारे आहे. रुडोल्फ झेंकर यांनी १९११ मध्ये त्यावर सबंध ग्रंथ लिहिला. परंतु फारसी कथा त्या काळात पश्चिमेत कोणत्या वाटेने पोचली, हे दाखवणारा कागद कुणाच्या हाती नाही. साम्य म्हणजे वारसाहक्काचा दस्तऐवज नव्हे. ज्यांनी आपल्याला गाळले त्यांना उत्तर म्हणून आपण सगळ्यावर नाव कोरत सुटलो, तर काव्य दोघांनीही वाचलेले नसते.

अभिमान थोडा खाली ठेवला की अवघड गोष्टी दिसतात. मुसलमान राजकन्या ख्रिस्ती कैद्यावर भाळते, बापाशी दगा करते, बाप्तिस्मा घेते, हा फ्रेंच रणगीतांतला ठरीव प्रसंग. वॉरेन या अमेरिकन अभ्यासकाने १९१४ मध्येच त्याचा माग काढला आणि तो ऑर्डरिक या नॉर्मंडीतल्या साधू-इतिहासकाराच्या बखरीपर्यंत नेला. त्यात दानिशमंद अमिराची मुलगी मेलाझ कैदेतल्या बोहेमंडला सोडवते. खरा बोहेमंड ११०३ मध्ये खंडणी भरून सुटला होता! हे वाचून आपल्याला राग येतो. पण मग अमीर हमजाची दास्तान उघडावी. अकबराने जिची सुमारे १४०० चित्रे काढून घेतली आणि आपल्या आज्या-पणज्यांनी जी रात्ररात्र ऐकली, तिच्यात काय आहे? काफरांच्या राजकन्या आपल्या वीरांवर भाळतात, बापांशी दगा करतात आणि कलमा पढतात. टाळ्या तेव्हा आपण वाजवल्या. जेराल्डिन हेंग यांनी २००३ च्या 'एम्पायर ऑफ मॅजिक' या पुस्तकात असे धाडसी प्रतिपादन केले की पहिल्या क्रुसेडमध्ये, १०९८ साली मअर्रा शहरात ख्रिस्ती सैनिकांनी मृतांचे मांस खाल्ले, त्या न बोलवणाऱ्या लाजेतून रोमान्स हा प्रकार उगवला. आम्हाला ते अर्धेच पटते. अद्भुतकथा लाज झाकते हे खरे, पण युरोपच्या अद्भुतकथेने ज्या रीतीने परकी स्त्री पळवली त्याच रीतीने आपल्याही पळवली आहे, आणि तिथे मअर्रा नव्हते.

या ठरीव राजकन्येला वोल्फ्रामने 'विलेहाल्म' या दुसऱ्या काव्यात हाडामांसाची केली. फ्रेंच 'आलिस्काँ' या रणगीतावरून रचलेले हे काव्य. अराबेल ही तेरामेर या सम्राटाची मुलगी नवऱ्याला आणि मुलांना सोडून विलेहाल्मबरोबर आली, बाप्तिस्म्यानंतर गीबुर्क झाली, आणि तिच्यापायी दोन्हीकडची हजारो माणसे मेली. खुद्द बाप तिच्या शहराला वेढा घालतो. दुसऱ्या लढाईआधी सरदारांच्या बैठकीत ती उभी राहते आणि सांगते की जिंकलात तर त्यांना जगू द्या, तीही देवाच्या हातची घडण आहे. पहिला माणूस आदम काफरच होता, नोहा आणि ईयोब काफर होते, आणि ख्रिस्ती बाईच्या पोटचे मूलही बाप्तिस्म्यापर्यंत काफरच असते.

ख्रिस्ती वाचकाला या यादीचा अर्थ एक लागतो, आपल्याला आणखी एक लागतो. आदम, नूह, अय्यूब ही आपल्याकडे नबींची नावे. गीबुर्क ज्यांना काफर म्हणून पुढे करते त्यांच्यावर दरूद पढत तिचे माहेर वाढले असते, जर कवीला ते माहेर खरोखर माहीत असते. वोल्फ्रामला ते माहीत नाही. तेरामेरची माणसे इथेही मूर्तीच पुजतात. न जाणता त्याने तिच्या तोंडी दोन्ही घरांना सामाईक असलेली माणसे घातली. आमच्या वाचनात आलेल्या अभ्यासात या बाजूने कुणी फार लिहिलेले आढळले नाही, आणि हे काम आपल्यातल्या एखाद्या जर्मन शिकलेल्या तरुणाने करण्यासारखे आहे.

दुसऱ्या महायुद्धानंतर जर्मन पंडितांना गीबुर्क फार प्रिय झाली. ते का, हे सांगायला नको. तिच्या बोलण्याला सहिष्णुतेचे भाषण असे नाव पडले. पुढच्या पिढीने हात आखडता घेतला आणि म्हटले की ती परधर्माला मान्यता मागत नाही, हरलेल्यांना जीवदान मागते. १९९० नंतर क्नाप आणि हाइन्झले या दोन पंडितांनी भाषणातल्या एवढ्याशा जागेवर वाद घातला. तिथे एक बाप आणि त्याची नरकाला नेमलेली मुले यांचा उल्लेख आहे. तो बाप देव आहे का, आणि ती मुले म्हणजे काफर आहेत का? वरवर पाहता हा व्याकरणाचा कीस. आम्हाला तसे वाटत नाही. मरणारा परका देवाचा निव्वळ बनवलेला आहे की त्याचे लेकरू आहे, एवढा फरक त्या ओळींत आहे.

'विलेहाल्म' अपुरे आहे. लढाई ख्रिस्ती जिंकतात. मेलेल्या काफर राजांची शवे एका तंबूत ओळीने ठेवलेली विलेहाल्मला सापडतात. तो तिथे लूट होऊ देत नाही. कैदेतल्या मात्रिब्लाइझ राजाला सोडतो, ही शवे सन्मानाने घेऊन जा आणि तुमच्या रीतीने पुरा, असे सांगून त्याला तेरामेरकडे धाडतो. पुढे काही ओळींत मजकूर थांबतो. आश्रयदाता मेला म्हणून, कवी मेला म्हणून की कवीला पुढे नेता येईना म्हणून, याचा निकाल लागलेला नाही.